स्टोनीबॅटरच्या खोलीतलं पीठ

शेवटचं प्रकरण : पहिला खर्डा

"हॅनलन खोलीच्या मधोमध उभा राहिला. पूर्णविराम. खिडकीच्या चौकटीवर सुरीच्या खुणा होत्या. वर्षानुवर्षं रंगाने घट्ट बसलेली ती खिडकी कुणीतरी जोर लावून उघडली होती. नवा परिच्छेद. तू परत आलास, मार्टिन रीड, हॅनलन म्हणाला. खुनी परत येतोच. नाही, हे खोड. 'खुनी परत येतोच' खोड."

"खोडलं."

"आधीच्या पुस्तकात येऊन गेलंय ना ते?"

"आधीच्या चार पुस्तकांत."

डेझमंड क्रीहन हसले. हसताना ते माझ्या डाव्या खांद्याकडे बघत. त्यांच्या नजरेचा मधला भाग गेला होता, कडा तेवढ्या शिल्लक होत्या. समोरच्याचा चेहरा बघायचा तर त्याच्या खांद्याकडे बघावं लागे.

मी वाईची. इंग्रजीतल्या पुढच्या पदवीसाठी डब्लिनला आले होते आणि आठवड्यातून तीन दुपारी ड्रमकॉन्ड्रातल्या त्यांच्या घरी जाऊन ते सांगतील ते टाइप करायची. रहस्यकथा मी त्याआधी फारशा वाचलेल्या नव्हत्या. नोकरी लागल्यावर त्यांच्या सगळ्या वाचल्या. सगळ्या डब्लिनच्या. लिफी नदी, तिच्या दोन्ही काठांवरच्या गल्ल्या, भाड्याच्या खोल्या आणि पाय ओढत चालणारा इन्स्पेक्टर हॅनलन. एक गोष्ट माझ्या डोक्यातून जाईना. प्रत्येक पुस्तकात खून होतो, प्रेत हलवलं जातं आणि मग रिकाम्या खोलीत कुणीतरी परत येऊन जातं. प्रत्येक पुस्तकात.

"प्रकाशकांची मेल आलीय," मी म्हटलं. "वकील विचारतायत, मार्टिन रीड कुणा जिवंत माणसावर बेतलाय का?"

"लिही, नाही."

मी कीबोर्डवर हात ठेवून बसून राहिले.

"आवाज येत नाहीये, मेधा."

"लिहिलं नाही अजून."

"का?"

"बेतलाय की नाही, ते मला ठाऊक नाही."

"तुला ठाऊक असायची गरज नाही. टाइप करायचे पैसे मिळतात तुला."

"टाइप करते. पण खोटं असेल तर ते तुम्हीच तुमच्या बोटांनी टाइप करा. अक्षरं कुठे आहेत ते सांगते मी."

ते टेबल चाचपत उठले. मग म्हणाले, "किटली ठेव."

समासातला मजकूर

(हे त्यांनी टाइप करायला सांगितलं नव्हतं. मी घरी जाऊन आठवेल तसं उतरवून काढलं. क्रम माझा.)

त्यांचा धाकटा भाऊ कॉन. पावाची गाडी चालवायचा, पहाटे बेकरीतून निघून दुकानादुकानात पाव टाकत फिरायचा. स्टोनीबॅटर भागात, तळमजल्यावर, एका खोलीत भाड्याने राहायचा. एका जानेवारीत त्या खोलीत मरून पडलेला सापडला. फायरप्लेसपुढच्या लोखंडी कठड्याला डोकं आपटलेलं. पडला की पाडला, ते ठरलं नाही. चौकशीत तसंच लिहिलं गेलं, की ठरवता येत नाही.

डेझमंड तेव्हा लंडनला, वर्तमानपत्रात. अंत्यविधीला आले. नंतर आठवडाभराने घरमालकिणीबरोबर खोली आवरायला गेले. खोलीला कुलूप होतं. आत खिडकी वीतभर उघडी, चौकटीवरचा रंग सुरीने कापलेला. कॉन असेपर्यंत ती खिडकी कधी उघडली नव्हती, मालकीणच म्हणाली. आणि जमिनीवर पीठ.

"पाववाल्याच्या खोलीत पीठ असणारच," मी म्हटलं.

"तो पाव वाटायचा, भाजायचा नाही. कशाला असेल पीठ? आणि ते सांडलेलं नव्हतं. पसरलेलं होतं. नीट, हाताने. त्यात ओरखडे, काटा फिरवल्यासारखे. कुणीतरी तिथे काहीतरी शोधलं होतं."

"खोलीची किल्ली कुणाकडे होती?"

"आता तू हॅनलनसारखं विचारायला लागलीस. मालकिणीकडे एक. आणि कॉनचा जिवलग दोस्त, मॅलकी रोश, त्याच्याकडे एक. प्रेत त्यालाच सापडलं होतं."

"आणि मार्टिन रीड म्हणजे—"

"रिंग्सेंडमध्ये राहतो अजून. पुस्तक आलं की त्याच्या गल्लीतलं शेंबडं पोरसुद्धा ओळखेल." त्यांनी कप बशीत ठेवला, कडेवरून घसरला, दुसऱ्यांदा नीट ठेवला. "अकरा पुस्तकांत मी हॅनलनला त्याच्या दारापर्यंत नेलं आणि शेवटी दुसऱ्याच कुणाला तरी पकडलं. हे शेवटचं पुस्तक. माझे डोळे चाललेत. शुक्रवारी हस्तलिखित जाणार. वकिलांना लिही, नाही."

"पिठाशेजारी आणखी काही होतं?"

"चिवट आहेस. होतं. कणकेचा एक गोळा. छोटा, वाटीसारखा दाबलेला. कडेला एके ठिकाणी काळा पडलेला. मालकीण म्हणाली, उंदराचं विष असेल. मी खिशात टाकून नेला होता. नंतर लंडनला तो भुगा झाला."

माझ्या हातातलं बिस्कीट चहात पडलं ते मी काढलं नाही.

"काळा कुठल्या बाजूला?" मी विचारलं.

"काय?"

"गोळा जमिनीवर होता तेव्हा त्याची काळी बाजू कुणीकडे होती? फायरप्लेसकडे? दाराकडे?"

त्यांनी डोळे मिटले. डोळे मिटले की त्यांना अजून सगळं दिसायचं. "खिडकीकडे."

"आणि खिडकी?"

"रस्त्यावर. नदीच्या अंगाला. उघडी होती ना, त्यातून पलीकडच्या काठावरच्या दारूच्या कारखान्याचा वास येत होता, भाजलेल्या सातूचा."

स्टोनीबॅटर नदीच्या उत्तरेला. ठाऊक होतं, तरीही मी फोनवर नकाशा उघडून पाहिला. नदी दक्षिणेला.

शेवटचं प्रकरण : दुसरा खर्डा (कोरा)

"तुमच्याकडे मैदा आहे?" मी विचारलं.

"केक करणार आहेस?"

स्वयंपाकघरात अर्धी पिशवी सापडली. मी वाटीभर मैदा भिजवला, कणीक असती तर बरं झालं असतं. गोळा केला, अंगठ्याने खळगा केला, कडेला चिमटीने चोच काढली. कापसाऐवजी टिश्यूची वात वळली, तेल घातलं, पेटवली. थोडी जळू दिली, विझवली, दिवा निवला तसा त्यांच्या तळहातावर ठेवला.

त्यांनी अंगठा कडेवरून फिरवला. चोचीपाशी थांबला. पुन्हा फिरवला. बोटाला काजळी लागली होती, ती त्यांना दिसत नव्हती.

"कुणी शिकवलं तुला हे?"

"कुणी नाही. आजोबा गेले तेव्हा बघितलं. माणूस जिथे गेला त्या जागेवर लावतात. चोच दक्षिणेकडे. तिकडे ज्योत एरवी कुणी करत नाही, म्हणून लहानपणी आम्हाला त्या कोपऱ्यात जाऊ द्यायचे नाहीत. मी गेले होते."

"आणि पीठ?"

"दिव्याभोवती पसरतात. गेलेला माणूस कुठल्या रूपाने गेला त्याची पावलं उमटतात म्हणे. आमच्याकडे वर टोपली झाकली होती. दहाव्या दिवसापर्यंत रोज सकाळी आत्या टोपली उचलून बघायची."

"काय उमटलं होतं?"

"आत्या म्हणाली गाय. मला नुसतं पीठ दिसलं."

ते हसले नाहीत. दिवा त्यांच्या हातातच होता.

"एकोणीसशे चौऱ्याहत्तर साली," ते सावकाश म्हणाले, "स्टोनीबॅटरमध्ये, माझ्या आयरिश भावाच्या खोलीत, कुलूप उघडून, कुणीतरी येऊन हे लावलं?"

"आणि रोज येत असणार. तेल घालायला."

"चोरून."

"दिवा लावायला आलेला माणूस शोधाशोध कशाला करेल?"

"मग ओरखडे कसले?"

ते मला माहीत नव्हतं. आणि आता मला दुसरं काही सुचतही नव्हतं. रात्री निबंध पुरा करायचा होता, मैत्रीण पबमध्ये वाट बघत होती, आणि मी एका बैठकीच्या खोलीत एका मैद्याच्या दिव्याकडे बघत होते. कोण होता तो? डब्लिनमध्ये कणीक कुठून आणली त्याने? एवढं सगळं माहीत असलेला माणूस, आणि तो ज्याच्यासाठी आला तो पाववाला!

"मॅलकी रोशना विचारलं होतंत तुम्ही?"

"विचारलं होतं. कॉन जायचा त्या पबमध्ये. परत कशाला गेला होतास, म्हटलं. उत्तर दिलं नाही त्याने. उठून निघून गेला. निरपराध माणूस उठून जात नाही."

"हे कुठल्या पुस्तकात आहे?"

"सहाव्या," ते म्हणाले. मग दिवा माझ्या हातात देत, "माझा कोट आण."

रिंग्सेंड

हे प्रकरण नाही. हे मी कुठल्याच फाइलमध्ये टाइप केलं नाही.

मॅलकी रोश दारात उभे होते, हातात भांडी पुसायचा टॉवेल. उंच, वाकलेले. आधी मला पाहिलं, मग माझ्या कोपराला धरून उभ्या असलेल्या माणसाला.

"तुझे डोळे गेल्याचं ऐकलं होतं," ते म्हणाले. "त्यामुळेच घर सापडलं वाटतं."

"आत घेणार आहेस का, मॅलकी?"

"या मुलीला घेतो. तू तिच्याबरोबर आहेस म्हणून तू पण."

स्वयंपाकघरात आम्ही तिघं बसलो. मी पिशवीतून दिवा काढून टेबलावर ठेवला. रस्त्यात एका बाजूने तो जरा चेपला होता.

मॅलकींनी त्याला हात लावला नाही. खुर्ची मागे ओढून बसले आणि माझ्याकडे वळले. "तू पॅटच्या गावची?"

"पॅट कोण?"

"वरच्या खोलीत राहायचा. डॉक्टरी शिकायला आलेला. त्याचं नाव केवढं लांबलचक होतं, पटवर्... कॉनने पहिल्याच दिवशी त्याचा पॅट करून टाकला. त्याला आवडलं होतं. रोज रात्री खाली येऊन कॉनचे पाव खायचा आणि इथल्या पावाला चव नाही म्हणायचा."

"पॅट," डेझमंड म्हणाले. "मला वाटलं होतं आपल्यातलाच, केरीकडच्या खेड्यातला कुणी पोरगा असेल."

"तुला बरंच काही वाटलं, डेस."

चहा आला. मॅलकी सगळं माझ्याकडे बघून सांगत होते, जणू डेझमंड खोलीत नव्हतेच.

कॉनला फिट यायच्या. पॅटने पहिल्यांदा ओळखलं, एके रात्री पाव खाता खाता कॉन खुर्चीवरून कोसळला तेव्हा. औषधं आणून दिली, गाडी सोड म्हणून मागे लागला. कॉन म्हणायचा, गाडी सोडली तर करू काय. त्या जानेवारीत सकाळी तो गाडीवर आला नाही म्हणून मॅलकी किल्लीने दार उघडून आत गेले. फायरप्लेस थंड. कॉन कठड्यापाशी.

"मी आधी खिडकीकडे गेलो," मॅलकी म्हणाले. "गार्डना बोलवायच्याही आधी." तिकडे पोलिसांना गार्ड म्हणतात. "वर सरकवायची खिडकी, रंगाने बसली होती ती. पाव कापायच्या सुरीने चारी बाजूंनी कापत सुटलो. बोट कापलं. शेवटी वीतभर वर गेली."

"कशासाठी?" मी विचारलं.

आता त्यांनी पहिल्यांदा डेझमंडकडे बघितलं. "तू सांग तिला. तुझे वडील गेले तेव्हा तुझ्या आईने पहिलं काय केलं?"

डेझमंडनी कप पुढे ढकलला.

"सांग की. तुला गोष्टी सांगायचे पैसे मिळतात."

"खिडकी उघडली," डेझमंड माझ्या खांद्याला उद्देशून म्हणाले. "आमच्याकडे उघडतात. आत्म्याला बाहेर जायला. दोन तासांनी बंद करायची, तो परत येऊ नये म्हणून."

"आणि मग ही खिडकी बघून तुला काय वाटलं?"

"सुरीच्या खुणा होत्या."

"खुणा बघितल्यास. खिडकी नाही बघितलीस." मॅलकींनी स्वतःच्या कपात साखर घातली, हलवली, प्यायले नाहीत. "दोन तासांनी बंद करायला गेलो तर बंद होईना. उतरेचना खाली. तशीच राहिली. पॅट हॉस्पिटलातून आला संध्याकाळी. बसून राहिला माझ्याजवळ. मग म्हणाला, आमच्याकडे असं असं करतात, दहा दिवस. कॉनचं इथे कुणी राहत नाही, मी केलं तर चालेल का? मी म्हटलं, कॉनला चालेल. किल्ली दिली त्याला."

"मालकिणीला सांगितलं नाही?" मी.

"लाकडी जमिनीवर दिवा लावणार म्हणून? पॅटला सामानासकट रस्त्यावर काढलं असतं तिने. दहा दिवस व्हायच्या आतच हा मालकिणीला घेऊन तिथे पोचला. दुसऱ्या दिवशी पॅट खाली गेला तर सगळं पुसलेलं. वाईट वाटलं त्याला. काहीतरी अर्धं राहिलं म्हणाला."

डेझमंडचा हात टेबलावर दिव्याच्या दिशेने सरकला, थांबला. "मी विचारलं होतं तुला. परत कशाला गेलास म्हणून."

"दहा माणसांसमोर. पबमध्ये, पिऊन. काय सांगू त्यांना? कॉनला फिट यायच्या म्हणून? तुझ्या आईने माझा हात धरून शपथ घातली होती, कुणाला कळता कामा नये."

"आईला माहीत होतं?"

"आईलाच माहीत होतं. तुझं त्या लंडनच्या डॉक्टरच्या मुलीशी ठरत होतं. घराण्यात फिट आहेत म्हटल्यावर कोण देत होतं तेव्हा मुलगी? ती म्हणाली, डेसला तर मुळीच सांगायचं नाही. त्याला कळलं की छापून येतं."

बाहेर कुणाचा तरी कुत्रा भुंकत होता. डेझमंडचं ते लग्न झालं होतं. बारा वर्षं टिकलं होतं. हे मला त्यांच्या पुस्तकांच्या अर्पणपत्रिकांवरून माहीत होतं.

"नंतर तरी," डेझमंड म्हणाले.

"नंतर एकट्याने कधी आलास? रस्ता ओलांडून जायचास मला बघून. पुस्तकं मात्र वाचली मी तुझी. लायब्ररीतून. पैसे नाही दिले तुला."

मला राहवेना. "आणि ओरखडे? पिठातले?"

मॅलकींचा चेहरा जरा हलला. "ते होय. पॅटकडे झाकायला टोपली नव्हती, उघडंच ठेवलं होतं त्याने. तिसऱ्या का चौथ्या सकाळी धावत आला माझ्याकडे कामावर. चल म्हणाला, पावलं उमटलीत. गेलो. तीन बोटं पुढे, मध्ये पडदा. मला विचारतो, हा कुठला पक्षी? म्हटलं, अरे, हा सीगल. खिडकी उघडी, आत पिठाचा वास, आला असेल. पॅट म्हणाला, आमच्याकडे कावळा लागतो. मी म्हटलं, कॉन रोज सकाळी नदीकाठी गाडी थांबवून उरलेले पाव सीगलना घालायचा. कावळ्यांना त्याने काय दिलं होतं?"

मी हसले. मॅलकीही हसले. डेझमंडनी तोंडावर हात धरला होता आणि त्यांचे खांदे हलत होते. ते हसणं नव्हतं हे मला उशिरा कळलं.

त्यांनी हात पुढे केला. नजरेच्या कडेने अंदाज घेत, थोडा चुकीच्या दिशेने. मॅलकींनी तो हात पाहिला आणि कप उचलून सिंककडे गेले.

"चहा संपव आणि जा, डेस. मुलगी थांबली तरी चालेल."

टॅक्सीत बसल्यावर आठवलं. दिवा टेबलावरच राहिला होता. मी मागे वळून घ्यायला गेले नाही.

शेवटचं प्रकरण : तिसरा खर्डा

"वकिलांना लिही," गुरुवारी ते म्हणाले. "मार्टिन रीड एका जिवंत माणसावर बेतला होता. बेतला होता असंच लिही. आता तो पुस्तकात नाही."

"मग खून कुणी केला?"

"हॅनलनला विचार."

आम्ही शुक्रवार चुकवला, पुढचाही. हस्तलिखितातून एक अख्खा माणूस काढणं अवघड असतं. दारं उघडी राहतात, कप अर्धे भरलेले राहतात, कुणीच न विचारलेल्या प्रश्नांना उत्तरं येत राहतात. प्रत्येक पानावर मी त्यांना विचारायची, इथे काय, आणि ते म्हणायचे, राहू दे, उघडं राहू दे. शेवटच्या प्रकरणात हॅनलन खोलीत येतो, खिडकी उघडी असते, तो ती बंद करत नाही. कुणालाही पकडत नाही.

वसंतात पुस्तक आलं. एका समीक्षकाने लिहिलं, क्रीहन यांना यावेळी गुन्हेगारच सापडलेला नाही. वाचकांची रागाची पत्रं मी वाचून दाखवायची. एका बाईने पैसे परत मागितले होते. ते पत्र त्यांनी दोनदा वाचायला लावलं.

माझी पदवी संपत आली होती. शेवटच्या आठवड्यात, दुपारी, बेल वाजली. दार मी उघडलं. मॅलकी रोश. काखेत पुस्तक, वर लायब्ररीचं प्लास्टिकचं वेष्टण.

"पायरीवरूनच बोलतो," ते म्हणाले.

मागून डेझमंड भिंत चाचपत आले. आवाजावरून त्यांनी ओळखलं होतं. दोघांच्या मध्ये मी उंबऱ्यावर उभी होते, तिथून बाजूला झाले.

"वाचलं," मॅलकी म्हणाले.

"बरं."

"तीनशे पानं वाचली. रात्री दिवा लावून. बायको ओरडत होती." त्यांनी पुस्तक या काखेतून त्या काखेत घेतलं. "शेवटपर्यंत मला वाटत होतं, मीच असणार."

डेझमंड त्यांच्या खांद्याकडे बघत होते, म्हणजे चेहऱ्याकडे.

"मलाही," ते म्हणाले, आणि दार पूर्ण उघडलं.